नारळीकर महास्फोट नाकारत होते, मग ज्योतिष्यांनी काय घोडं मारलं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर आयुष्यभर महास्फोटाच्या सिद्धांताविरुद्ध (विश्वाची सुरुवात एका ठरावीक क्षणी, अतिउष्ण आणि अतिदाट अवस्थेतून झाली, या मताविरुद्ध) उभे राहिले, म्हणजे जगातल्या बहुसंख्य खगोलशास्त्रज्ञांच्या विरुद्ध. तेच नारळीकर ज्योतिषाला विज्ञान म्हणायला तयार नव्हते. दोघंही अल्पमतात. मग एकाला 'स्वतंत्र विचारांचा वैज्ञानिक' म्हणायचं आणि दुसऱ्याला 'छद्मविज्ञानी', हे ठरवलं कोणी? ज्याच्या हातात विद्यापीठ, त्याचं विज्ञान, असंच आहे का?

प्रश्नात खोच आहे, पण प्रश्न चांगला आहे. मी संख्याशास्त्राचा माणूस. उमेदीची वर्षं औषधांच्या चाचण्यांचे आराखडे तपासण्यात गेली: रुग्ण किती घ्यायचे, खरी गोळी कोणाला आणि नुसती साखरेची कोणाला हे कोणापासून लपवायचं, निकाल येण्याआधी कागदावर काय लिहून ठेवायचं. विज्ञानाच्या तत्त्वज्ञानावर मी अधिकाराने बोलू शकणार नाही. एखाद्या दाव्यामागची पद्धत सरळ आहे की वाकडी, हे बघायची मात्र सवय आहे. आणि तुम्ही माणूस फार नेमका निवडलात, कारण या वादाच्या दोन्ही बाजूंना एकच माणूस सापडणं दुर्मीळ.

माझं उत्तर आधीच सांगून टाकतो. मत बहुमतातलं की अल्पमतातलं, याने काही ठरत नाही. 'अमुक दिसलं तर मी हरलो' हे निकाल हाती येण्याआधी कोण लिहून देतो, आणि मोजमापाची किल्ली विरोधकाच्या हाती द्यायला कोण तयार असतो, यावर पुष्कळसं ठरतं. पुष्कळसं म्हणतोय, सगळं नाही. नारळीकरांच्या बाजूलाही कच्चे दुवे आहेत आणि ज्योतिषाच्या टीकाकारांनी तर एकदा स्वतःचं चांगलंच हसं करून घेतलं आहे. तेही सांगतो.

आधी ज्योतिषाची चाचणी

२००१ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगाने वैदिक ज्योतिषाचे विभाग विद्यापीठांत सुरू करायचं ठरवलं आणि मोठा गदारोळ झाला. बहुतेकांनी लेख लिहिले, सह्यांची पत्रकं काढली. नारळीकरांनी काही वर्षांनी, २००८ मध्ये, चाचणी घेतली. बरोबर होते पुणे विद्यापीठातले संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे. घाटपांडे स्वतः ज्योतिष शिकलेले आणि व्यवसाय केलेले, नंतर ज्योतिषाचे टीकाकार झालेले. हा चौथा माणूस नसता तर चाचणीत पत्रिका मांडण्यापासूनच चुका निघाल्या असत्या.

दावा अगदी साधा निवडला होता. पत्रिकेवरून बुद्धिमत्ता कळते असं ज्योतिषी सांगतात. कार्यकर्त्यांनी शाळांतून शिक्षकांनी हुशार ठरवलेली १०० मुलं आणि विशेष मुलांच्या शाळांतून १०० मुलं अशी २०० मुलांची जन्मतारीख, वेळ, ठिकाण गोळा केलं. (तेव्हाच्या कागदपत्रांत 'मतिमंद' असा शब्द आहे. आज आपण तो वापरत नाही.) घाटपांड्यांनी संगणकावर पत्रिका मांडल्या, त्यांना सांकेतिक क्रमांक दिले गेले आणि कोणता क्रमांक कोणत्या गटातला याची नोंद विद्यापीठात कुलूपबंद राहिली. ज्योतिष्याला टपालाने ४० पत्रिका जायच्या. प्रत्येकीवर त्याने एवढंच लिहायचं: हुशार की नाही. पत्रिका पाठवणाऱ्यालाही उत्तर ठाऊक नाही, सोडवणाऱ्यालाही नाही. औषधांच्या चाचणीत आम्ही याला दुहेरी अंध पद्धत म्हणतो.

५१ जणांनी पत्रिका मागवल्या. २७ जणांनी उत्तरं पाठवली. सरासरी यश ४६ टक्के. सगळ्यांत वरच्याने ४० पैकी २४ बरोबर सांगितल्या. एका संस्थेने सगळ्या २०० पत्रिका घेतल्या होत्या. तिची १०२ उत्तरं बरोबर आली.

आता इथे जरा थांबू या, कारण या आकड्यांवर दोन्ही बाजूंनी घाईने बोललं जातं.

पहिलं, तो २४ वाला. 'एक तरी ज्योतिषी ६० टक्क्यांपर्यंत गेला ना!' असं कोणीतरी म्हणतंच. नाणं उडवून ४० उत्तरं दिली तर सरासरी २० बरोबर येतात आणि साधारण तीनाची वर-खाली होते. २४ किंवा जास्त येण्याची शक्यता १३ टक्क्यांच्या आसपास. पण नाणं उडवणारे २७ असतील तर त्यांतला सगळ्यांत नशीबवान कुठे पोचेल? हिशेब केला तर २७ जणांच्या गर्दीत कोणीतरी २६ किंवा वर जाण्याची शक्यता तीनात दोन आहे. म्हणजे आपला सर्वोत्तम ज्योतिषी सर्वोत्तम नाणेफेक्याच्याही किंचित मागेच राहिला. वरचा एक उचलून दाखवायचा असेल तर आधी सांगावं लागतं की गर्दी किती होती. शेअर बाजारातल्या सल्लागारांनाही हे लागू आहे, पण तो विषय वेगळा.

दुसरं जास्त मजेचं. ४६ टक्के म्हणजे नाण्यापेक्षाही वाईट. २७ गुणिले ४० म्हणजे १०८० उत्तरं, त्यांत ५४० च्या जागी सुमारे ४९७ बरोबर. पाठ्यपुस्तकातलं सूत्र लावलं तर हा फरक योगायोगापलीकडचा निघतो! मग काय, ज्योतिष उलटं खरं? विद्यार्थ्यांना मी हा प्रश्न घालतो आणि चांगले चांगले फसतात. मेख अशी की पत्रिका १०८० नव्हत्याच, २०० होत्या. त्याच त्या पत्रिका सरासरी पाचसहा ज्योतिष्यांकडे गेलेल्या. आणि ज्योतिषी सगळे एकाच परंपरेतले नियम वापरतात. पंचमस्थान बिघडलं, बुध अमुक राशीत आला, की पाचही जण बहुधा एकच उत्तर देणार. एक चुकला की पाचही चुकणार. ही १०८० स्वतंत्र उत्तरं नव्हेत. खरी माहिती फार तर २०० पत्रिकांएवढी. आणि २०० च्या हिशेबाने ४६ टक्के हा अगदी सामान्य चढउतार आहे. तेव्हा 'ज्योतिषी नाण्यापेक्षाही वाईट' असं जे चवीने सांगितलं जातं, ते सांगू नये. नाण्याइतकेच, एवढंच म्हणता येतं.

तिसरं, २४ जणांनी पत्रिका नेल्या आणि परत काही पाठवलं नाही. औषधाच्या चाचणीत निम्मे रुग्ण मध्येच गळाले तर मी त्या निकालावर सही करणार नाही. इथे मात्र गळती कोणत्या बाजूची असेल याचा अंदाज करता येतो. ज्याला उत्तरांची खात्री आहे तो पाठवेल, ज्याला नाही तो गप्प बसेल. म्हणजे गळतीने निकाल ज्योतिषाच्या बाजूने झुकायला हवा होता. तरी तो ५० च्या वर गेला नाही.

ज्योतिष्यांचे आक्षेप काय असू शकतात? जन्मवेळा अचूक नसतील. बरोबर, पण रोजच्या गिऱ्हाइकाची जन्मवेळ ते याहून काटेकोर मागतात असं माझ्या पाहण्यात नाही. बुद्धिमत्ता एकट्या जन्मपत्रिकेवरून सांगताच येत नाही, असाही एक आक्षेप. हा आक्षेप मला मान्य आहे, फक्त तो पत्रिका हातात घेण्याआधी यायला हवा. ४० पत्रिकांवर ४० उत्तरं लिहून दिल्यावर, निकाल बघून, 'हे आमच्या शास्त्रात बसतच नाही' असं म्हणता येत नाही.

आणि या चाचणीने काय सिद्ध झालं नाही तेही सांगितलं पाहिजे. पत्रिकेत ५२ टक्क्यांचं बारीकसं कौशल्य दडलं असेल तर २०० पत्रिकांत ते दिसलंच नसतं. संस्थेच्या १०२ वरून खरं कौशल्य ४४ ते ५८ टक्क्यांत कुठेही असू शकतं. बाजारात कोणी 'मी शंभरात बावन्न वेळा बरोबर येतो' म्हणून पैसे घेत नाही, हे खरं. पण म्हणून 'ज्योतिष खोटं ठरलं' हे वाक्य जरा मोठं होतं. एक ठरावीक दावा, त्या दाव्याच्या स्वतःच्या मोठेपणाला साजेसा, टिकला नाही.

त्याच महिन्यातली दुसरी बातमी

या चाचणीवरचा नारळीकरांचा लेख 'करंट सायन्स' नियतकालिकात मार्च २००९ मध्ये आला. त्याच मार्चमध्ये इस्रोने एक पत्रक काढलं: वातावरणाच्या वरच्या थरातून गोळा केलेल्या नमुन्यांत जिवाणूंच्या तीन नव्या जाती सापडल्या. त्या प्रयोगाचे प्रमुख संशोधक नारळीकर. मार्गदर्शकांत खगोलशास्त्रज्ञ चंद्र विक्रमसिंघे आणि जीवशास्त्रज्ञ पुष्पमित्र भार्गव. भार्गव म्हणजे ज्योतिष विभागांविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेले तेच. आणि प्रयोगामागची कल्पना? पृथ्वीवरचं जीवन अंतराळातून आलं, आजही येत आहे. ही कल्पना बहुसंख्य जीवशास्त्रज्ञांना ज्योतिषापेक्षा फार वेगळी वाटत नव्हती.

म्हणून इथे पद्धत बघा. एप्रिल २००५ मध्ये टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या हैदराबादमधल्या तळावरून एक प्रचंड फुगा सोडला. त्याला टांगलेली सामग्री ४५९ किलो, त्यात ३८ किलो द्रवरूप निऑन. त्या निऑनमध्ये बुडवलेल्या १६ पोलादी नळ्या, आतून निर्जंतुक आणि निर्वात. २० ते ४१ किलोमीटर उंचीवर झडप उघडली की बाहेरची विरळ हवा आत खेचली जाऊन थंडीने गोठते. मग झडप बंद, आणि सगळं हवाई छत्रीने खाली. नमुने दोन प्रयोगशाळांना स्वतंत्रपणे दिले: हैदराबादचं पेशी व रेणवीय जीवशास्त्र केंद्र आणि पुण्याची पेशीविज्ञानाची राष्ट्रीय संस्था. दोघांनी एकाच पद्धतीने तपासायचं, पण वेगवेगळं. हे सगळं कशासाठी, तर समोरच्याचा पहिला वार काय असणार हे त्यांना पक्कं ठाऊक होतं: 'जंतू तुमच्याच हाताचे.' वैऱ्याने काय विचारलं असतं ते आपणच आधी विचारून त्याची सोय करून ठेवायची, याला मी चांगला आराखडा म्हणतो.

सापडलं काय? जिवाणूंच्या १२ आणि बुरशीच्या ६ वसाहती. बहुतेक ओळखीच्या जातींच्या. तीन जिवाणू नवे, आणि त्यांच्या जवळच्या भाईबंदांपेक्षा अतिनील किरणांना जास्त तोंड देणारे. एकाला नारळीकरांचे गुरू, खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉयल यांचं नाव दिलं, एकाला इस्रोचं, एकाला आर्यभटाचं. आणि इस्रोच्या पत्रकातच स्पष्ट म्हटलं की यावरून हे जंतू पृथ्वीबाहेरचे असल्याचं निर्णायकपणे सिद्ध होत नाही.

माझं मत विचाराल तर हे जंतू इथलेच असावेत. ओळखीच्या जातींबरोबर सापडलेले, ओळखीच्याच कुळातले नवे जंतू हे 'इथून वर गेले' या स्पष्टीकरणात सहज बसतात. 'वरून आले' म्हणायचं असेल तर त्यांच्या घडणीत पृथ्वीवर न आढळणारं काहीतरी, उदाहरणार्थ कार्बनच्या समस्थानिकांचं वेगळं प्रमाण, दाखवावं लागेल. पण माझं मत विरुद्ध असूनही या कामाला मी छद्मविज्ञान म्हणणार नाही. जेवढं हाती आलं तेवढंच सांगितलं, आणि जे सिद्ध झालं नाही तेही सांगितलं. कल्पना वेडगळ असली तरी काम नीट होऊ शकतं. उलटही होतं, तेच आता सांगतो.

राइल, हॉयल आणि मोजणीचं भांडण

महास्फोट की स्थिर स्थिती, हा वाद १९४८ पासूनचा. स्थिर स्थितीवाले बॉन्डी, गोल्ड आणि हॉयल म्हणत होते की विश्व प्रसरण पावतं पण विरळ होत नाही, नवं द्रव्य निर्माण होत राहतं, त्यामुळे ते कधीही बघा, सारखंच दिसेल. यात एक मोठा गुण होता जो आज विसरला जातो: हा सिद्धांत सहज हरू शकत होता. दूर बघणं म्हणजे भूतकाळात बघणं. दूरचं विश्व जवळच्यापेक्षा वेगळं दिसलं की खेळ संपला.

केंब्रिजचे मार्टिन राइल हे मोजायला निघाले. हिशेब सोपा आहे. रेडिओ लहरी सोडणारे स्रोत आकाशात सगळीकडे सारखे पसरले असतील, तर चौपट मंद स्रोतांपर्यंत मोजणी नेली की अंतर दुप्पट होतं आणि संख्या आठपट. प्रसरणामुळे स्थिर स्थितीत ती आठाच्याही खाली राहायला हवी. राइल यांच्या १९५५ च्या यादीत १९३६ स्रोत होते आणि चौपटीला संख्या वाढत होती चौसष्टपटीच्या हिशेबाने. स्थिर स्थिती संपली, असं त्यांनी जाहीर केलं.

संपली नव्हती. सिडनीत मिल्स आणि सहकाऱ्यांनी आकाशाचा तोच भाग वेगळ्या जातीच्या दुर्बिणीने पाहिला तेव्हा दोन्ही याद्या जुळेनात. राइल यांच्या उपकरणाची नजर फार रुंद होती. दोनतीन मंद स्रोत एका वेळी नजरेत आले की एकच ठळक स्रोत म्हणून नोंद व्हायचे. यादीतले बहुसंख्य स्रोत असे भासमान निघाले. लक्षात घ्या, राइल बहुमताच्या बाजूला जाणार होते, पुढे नोबेल मिळवणार होते, आणि शेवटी निष्कर्षही त्यांच्याच बाजूचा ठरणार होता. तरी १९५५ चं मोजमाप टाकाऊ होतं. निष्कर्ष बरोबर निघाला म्हणून पद्धत मागे जाऊन बरोबर होत नाही.

राइल यांनी उपकरण सुधारलं, पुन्हा मोजलं आणि फेब्रुवारी १९६१ मध्ये नवे आकडे आणले. चौसष्टचे आता बारा झाले होते, पण बारासुद्धा आठाच्या वरच. ज्या पत्रकार परिषदेत हे जाहीर झालं तिथे हॉयल यांना पत्नीसह बोलावून पुढे बसवलं होतं, काय जाहीर होणार याची कल्पना न देता. ही आठवण हॉयल यांनीच पुढे लिहून ठेवली आहे. हे वागणं नुसतं असभ्य नव्हतं, विज्ञानाच्या दृष्टीनेही वाईट होतं: आकडे आधी वार्ताहरांना आणि ज्याच्या सिद्धांताचा निकाल लागतो त्याला सगळ्यांत शेवटी. काही दिवसांनी रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या सभेत उत्तर द्यायची वेळ आली तेव्हा हॉयल यांना दुसरीकडे व्याख्यान होतं. उभे राहिले ते त्यांचे २२ वर्षांचे विद्यार्थी, नारळीकर.

त्यांचं उत्तर असं: विश्व सरासरीने सारखं असलं तरी लहान पट्ट्यात गुठळ्या-गुठळ्यांचं असू शकतं. आपण नेमके अशा जागी असू जिथे जवळपास तेजस्वी स्रोत कमी आहेत, तर मोजणीचा आलेख असाच चढा दिसेल. त्यांनी हे संगणकावर विश्व रचून दाखवलं. १९६१ साली दीर्घिकासमूहांच्या अशा महाकाय गुठळ्या आहेत हे मानायला फारसं कोणी तयार नव्हतं. आज ते सर्वमान्य आहे. उत्तर योग्य चौकटीतलं होतं. पण ते बचावाचं उत्तर होतं, हेही खरं.

मग १९६५ मध्ये पेन्झियास आणि विल्सन यांना सगळीकडून येणारं सूक्ष्मलहरींचं प्रारण सापडलं. महास्फोटाच्या वेळच्या उष्णतेचा अवशेष म्हणून ते बसत होतं, आणि बहुसंख्य खगोलशास्त्रज्ञांच्या लेखी वाद मिटला.

नारळीकरांच्या लेखी मिटला नाही. १९९३ मध्ये हॉयल आणि बर्बिज यांच्याबरोबर त्यांनी 'स्थिरवत् स्थिती'चा सुधारित सिद्धांत मांडला. ते प्रारण ताऱ्यांच्याच जुन्या प्रकाशाचं, अंतराळातल्या लोखंडाच्या सूक्ष्म सुयांनी शोषून पुन्हा सोडलेलं, असं म्हटलं. टीकाकार म्हणाले, या सुया सोयीच्या आहेत. नारळीकरांचं त्यावर बिनतोड उत्तर असे: तुमचं कृष्णद्रव्य आणि कृष्णऊर्जा गैरसोयीची आहे का?

हे उत्तर मला आवडतं, पण पुरेसं वाटत नाही. त्या प्रारणात ठिकठिकाणी तापमानाचे बारीक चढउतार असतील आणि त्यांत ठरावीक अंतरांवर शिखरं दिसतील, हे महास्फोटवाल्यांनी १९७० मध्येच गणिताने लिहून ठेवलं होतं. मोजमाप आलं तीस वर्षांनी, आणि शिखरं होती. स्थिरवत् स्थितीवाल्यांनीही त्या शिखरांचं स्पष्टीकरण दिलं, पण शिखरं दिसल्यानंतर. आधी लिहिलेलं आणि नंतर जुळवलेलं यांना मी एकाच तराजूत घालत नाही. औषधाच्या चाचणीत एखादी कंपनी निकाल बघून म्हणाली, 'आमचं औषध खरं तर पन्नाशीपुढच्या बायकांसाठीच होतं', तर मी जे म्हणेन तेच इथे म्हणतो: शक्य आहे. नवी चाचणी घ्या.

तेव्हा विश्वरचनेच्या वादात नारळीकर हरले असं मला वाटतं. मात्र ते नियम पाळून हरले. दावे गणितात मांडले, समीक्षा करणाऱ्या नियतकालिकांत छापले, आणि कुठे मोजल्यास आपण चूक ठरू ते सांगत राहिले. मे २००४ मध्ये 'न्यू सायंटिस्ट'मध्ये एक खुलं पत्र आलं, त्यावर त्यांचीही सही होती. पैसा आणि दुर्बिणींचा वेळ महास्फोटवाल्यांनाच मिळतो, पर्यायी कल्पना तपासल्याच जात नाहीत, अशी तक्रार. ती पोकळ नव्हती. हॅल्टन आर्प या अमेरिकी निरीक्षकाचे ताम्रसृतीबद्दलचे (दूरच्या दीर्घिकांचा प्रकाश लाल रंगाकडे सरकलेला दिसतो, त्याबद्दलचे) निष्कर्ष पटेनात म्हणून १९८० च्या दशकात त्यांना कॅलिफोर्नियातल्या मोठ्या दुर्बिणींवर वेळ मिळेनासा झाला आणि ते जर्मनीला गेले. आर्प चूक होते असं मला वाटतं. पण चूक माणसाला मोजू न देण्याने तो चूक असल्याचं सिद्ध होत नाही, आणि त्याच्या अनुयायांना कायमची तक्रार मिळते ती वेगळीच.

टीकाकारांनी केलेला घोटाळा

ज्योतिषाच्या समर्थकांना हा भाग आवडेल. मिशेल गोकलँ या फ्रेंच संशोधकाने १९५५ मध्ये दावा केला की नामवंत खेळाडूंच्या जन्मवेळी मंगळ आकाशाच्या दोन ठरावीक भागांत जरा जास्त वेळा असतो: १७ टक्क्यांच्या जागी २२. आपल्या पत्रिकेशी याचा फारसा संबंध नाही, पण दावा नीट मांडलेला, आकड्यांतला. असे दावे तपासणाऱ्या बेल्जियमच्या चिकित्सक समितीने ५३५ खेळाडू घेऊन तपासलं. २२ टक्केच आले! समितीने निकाल कित्येक वर्षं दाबून ठेवला आणि १९७६ मध्ये कुरकुरत छापला.

मग अमेरिकी चिकित्सक सरसावले. संख्याशास्त्रज्ञ मार्विन झेलेन यांनी आव्हान दिलं: खेळाडूंच्याच गावी, त्याच सुमाराला जन्मलेली साधी माणसं घ्या. त्यांच्यातही २२ टक्के आले तर तुमचा परिणाम म्हणजे जन्मवेळांच्या रोजच्या चढउताराची करामत. गोकलँने जवळजवळ १७ हजार माणसं गोळा केली. त्यांच्यात आले १७ टक्के. म्हणजे आव्हानाच्या शब्दांप्रमाणे गोकलँ जिंकला. त्यावर आव्हान देणाऱ्यांनी काय करावं? खेळाडूंच्या नमुन्याचेच तुकडे पाडून, परिणाम फक्त पॅरिसच्या आसपास दिसतो वगैरे म्हणायला लागले. त्यांच्यातलाच एक खगोलशास्त्रज्ञ, डेनिस रॉलिन्स, चिडून बाहेर पडला आणि १९८१ मध्ये त्याने सगळं चव्हाट्यावर आणलं. रॉलिन्सचा ज्योतिषावर काडीचा विश्वास नव्हता. त्याचा राग होता तो आपल्या बाजूने नियम मोडल्याचा.

पुढे अमेरिकेतल्या ४०८ खेळाडूंत परिणाम दिसला नाही, आणि फ्रान्समध्ये स्वतंत्र समितीने १०६६ खेळाडू घेतले तिथेही नाही. गोकलँने खेळाडू निवडतानाच नकळत चाळणी लावली असावी, हे आजचं सर्वांत पटणारं स्पष्टीकरण. निष्कर्ष शेवटी चिकित्सकांच्या बाजूने गेला, पण १९७७ मधलं त्यांचं वागणं त्याने धुऊन निघत नाही. राइल यांच्या १९५५ च्या यादीचंही तेच.

राहिला प्रश्न 'ठरवणार कोण' हा

न्यायालय नाही. भार्गवांची याचिका सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये फेटाळली, त्याचा अर्थ 'कोर्टाने ज्योतिषाला विज्ञान ठरवलं' असा सर्रास लावला जातो. अभ्यासक्रम काय असावा हा शिक्षणतज्ज्ञांच्या संस्थेचा निर्णय, त्यात आम्ही सहसा पडत नाही, हा त्या निकालाचा गाभा आहे. पत्रिका तपासून कोणी निकाल दिलेला नाही. विद्यापीठही ठरवत नाही. तिथे विभाग निघतात आणि बंद पडतात, त्यामागे पैसा असतो, मंत्री असतो, कधी नुसती सवय असते.

तुमच्या ओळखीत कोणी ज्योतिषी असतील आणि २००८ ची चाचणी त्यांना अन्यायाची वाटत असेल, तर त्यांना प्रश्न स्वतः निवडू द्या. बुद्धी नको, विवाह घ्या, अपघात घ्या, परदेशगमन घ्या. पत्रिका कशा मांडायच्या तेही त्यांनीच सांगावं. फक्त तीन गोष्टी आधी कागदावर याव्यात: यश शेकडा किती मिळेल असं ते म्हणतात, किती मिळालं तर हरलो म्हणतील, आणि उत्तरांची यादी कोणाच्या कुलपात राहील. दोनातून एक निवडायचं असेल आणि दावा ७० टक्क्यांचा असेल, तर ५० पत्रिका पुरतात. ६० चा असेल तर २०० लागतील. ५५ चाच असेल तर ८०० च्या आसपास, आणि मग माणसं गोळा करायलाच वर्ष जाईल, पण अशक्य नाही. आराखडा मी तपासून देईन, फुकट.